लग्नं सोडून डॉक्युमेंटरीचा कॅमेरा धरावा का? (नाशिकमध्येच राहून)

पंचवटीकर_२७

नमस्कार मंडळी, बरेच दिवस इथं नुसतं वाचतोय, आज पहिल्यांदाच लिहितोय, लांबलं तर सांभाळून घ्या.

वय २७, पंचवटीत राहतो. बीकॉम झालंय पण त्याचा आता काही संबंध उरलेला नाही. सहा वर्षं लग्नाचं शूटिंग करतोय, आधी दोन वर्षं एका स्टुडिओत पोरगा म्हणून आणि मग स्वतःचं. कँडिड, प्री-वेडिंग, हळद, सगळं. प्री-वेडिंगला गंगापूर धरणाचं बॅकवॉटर आणि द्राक्षबाग, तेच ते, मला आता झोपेत पण ते शॉट लावता येतात. घर चालतं, ईएमआय फिटतात, त्यामुळे तक्रार करायला जागा नाही. मध्येच मित्रांच्या तीन शॉर्ट फिल्म शूट केल्या, त्यातली एक एका महोत्सवात दाखवली, तिथून डोक्यात किडा शिरलाय.

मुद्दा असा की महिन्यापूर्वी मुंबईच्या एक डायरेक्टर ताई भेटल्या. पेठ-सुरगाण्याकडच्या पाण्याच्या प्रश्नावर त्यांना मोठी डॉक्युमेंटरी करायचीय, सव्वा वर्ष शूट, महिन्याला चार-पाच दिवस असं धरून साठेक दिवस. माझी शॉर्ट फिल्म त्यांनी बघितली होती, म्हणाल्या कॅमेरा तू कर. पैसे आत्ता नाहीत, जाण्यायेण्याचं आणि जेवणाचं देतील, ग्रँट मिळाली की मग फी. आणि त्यांना मुख्य शूट एप्रिल-मे मध्ये हवंय, म्हणजे ऐन लग्नसराईत. माझ्याकडे त्या दोन महिन्यांची अकरा बुकिंग आहेत आणि पाच जणांचा अ‍ॅडव्हान्स घेऊन झालाय (आणि खर्चून पण झालाय).

तर प्रश्न हा की नाशिकमध्ये राहून फिल्म आणि डॉक्युमेंटरीचा कॅमेरामन म्हणून खरंच पोट भरतं का, का त्यासाठी अंधेरीत जाऊन खोली घेऊनच राहावं लागतं. सोनी एफएक्स थ्री कॅमेरा ईएमआयवर घ्यायचा विचार आहे, घेऊ का? एफटीआयआय (पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट) वगैरे केल्याशिवाय कोणी विचारतं का? पप्पांना सांगून बघितलं तर ते म्हणाले कॅमेरामन एक लग्नातला असतो आणि एक सिनेमातला असतो, हा मधला कुठला काढलास तू.


खांद्यावरचा_कॅमेरा

अरे पोरा, तुझे पप्पा बरोबर बोलले, हा मधलाच आहे. मी नाशिकरोडला १९९४ पासून स्टुडिओ चालवतोय, व्हीएचएसचा धोंडा खांद्यावर घेऊन शूटिंग केलेलं आहे आणि हॅलोजन लाइट धरणाऱ्या पोराची वायर पंगतीत कोणाच्या पायात अडकली म्हणून शिव्या पण खाल्ल्यात.

तुला एकच सांगतो, लग्नाला कमी लेखू नको. मंगलाष्टकं चालू आहेत, शेवटचं कडवं कधी येणार ते तुला भटजींच्या आवाजावरून कळतं ना? अंतरपाट खाली यायच्या आधी तू नवरीच्या चेहऱ्यावर असतोस का अक्षता टाकणाऱ्या मामांवर? मामांवर असशील तर गेलं. परत सांगता येत नाही की गुरुजी जरा अंतरपाट पुन्हा धरा. आणि अंतरपाट खाली आला की पुढच्या चार सेकंदांत नवरीची आई कुठे उभी आहे ते तुला आधीच माहीत असायला लागतं, कारण ती तेव्हाच रडते, हार घालताना नाही. हे जे आधी ओळखून जाऊन उभं राहणं आहे ना तेच डॉक्युमेंटरीत लागतं असं मला माझ्या भाच्याने सांगितलं, तो हे शिकलाय आणि अजून माझ्याकडेच लग्नं करतोय.

दुसरं म्हणजे बुकिंग घेतलंस ते पाळ. नाशिक लहान आहे, एका लॉनवर तू आला नाहीस की तीन लॉनला कळतं. बाकी काम चातुर्मासात कर ना, आषाढीपासून तुळशीच्या लग्नापर्यंत तू काय करतोस? लेन्स पुसतोस. (आता काढीव मुहूर्तावर त्या चार महिन्यांतही लग्नं होतात म्हणा, पण ती दोन-चार.)


तिसरा_टेक

काकांशी सहमत, फक्त चातुर्मासाचं सोडून, त्यावर खाली येतो.

माझं सांगतो. मूळ सिन्नरचा, मुंबईत अकरा वर्षं काढली, त्यातली पहिली चार कॅमेरा अटेंडंट आणि मग असिस्टंट म्हणून. अटेंडंट म्हणजे भाड्याच्या दुकानातून कॅमेऱ्याबरोबर जो पोरगा येतो तो, पेट्या उचलायच्या, लेन्स पुसून द्यायची, रात्री सगळं मोजून परत न्यायचं. मी शिकलो ते तिथं. एफटीआयआयला मी दोनदा परीक्षा दिली, दोनदा राहिलो. त्यामुळे त्याबद्दल कडू बोलायचा मला अधिकार आहे पण बोलणार नाही, कारण जे तिथून शिकून आले त्यांच्याबरोबर काम केलंय आणि तीन वर्षं नुसता प्रकाश बघायला मिळणं ही चैन आहे. तुझं ग्रॅज्युएशन झालंय म्हणजे पात्रता आहे, द्यायची तर दे. नाहीतर त्यांचे छोटे कोर्सेस असतात, काही आठवड्यांचे, ते कर. पण कागद बघून डॉक्युमेंटरीला कोणी बोलावत नाही, फुटेज बघून बोलावतात आणि त्याहून जास्त हा माणूस आठ दिवस जीपमध्ये सहन होईल का ते बघून बोलावतात.

पोट भरतं का. नुसत्या डॉक्युमेंटरीवर माझं एकाही वर्षी भरलेलं नाही. सातपूर-अंबडच्या कंपन्यांच्या फिल्म, संस्थांचे अहवालाचे व्हिडिओ, इव्हेंट, मधूनच एखादी जाहिरात, एखादा इंडी सिनेमा, असं मिळून वर्ष होतं. सात वर्षांपूर्वी परत नाशिकला आलो कारण इथलं घरभाडं मुंबईच्या मानाने काहीच नाही आणि पंचवटी एक्सप्रेसने सकाळी निघालं की मीटिंग करून संध्याकाळी त्याच गाडीने घरी येता येतं. उलट आता मुंबईच्या लोकांना कांदा, द्राक्ष, कुंभमेळा, आदिवासी पट्टा यातलं काही करायचं असलं की इथला माणूस लागतो, ज्याला लासलगावचा लिलाव किती वाजता सुरू होतो ते माहीत आहे, आणि ज्याला गावात कोणी ए कॅमेरावाले म्हणून हाकलत नाही. २०२७ चा सिंहस्थ येतोय, तेव्हा तर विचारूच नको.

आता तुझ्या फिल्मचं. त्या ताईंना एप्रिल-मे हवंय ते बरोबर आहे, पण नुसतं एप्रिल-मे शूट करून आलात तर ती फिल्म नाही, ती बातमी आहे. सुरगाणा-पेठला पाऊस काही कमी पडत नाही, धो धो कोसळतो, पण खाली काळा कातळ, पाणी मुरत नाही, नार-पार-दमणगंगेतून सरळ गुजरातकडे जातं आणि मार्चनंतर टँकरची वाट बघायची. म्हणजे तुझी खरी गोष्ट जुलैमध्ये आहे. तीच विहीर, तोच दगड, तीच फ्रेम, मे मध्ये कोरडी आणि जुलैमध्ये तोंडापर्यंत भरलेली. ट्रायपॉडचे तीन पाय जिथे टेकवलेस तिथे खडूने नाही, दगडाने खूण कर, कारण खडू पावसात जातो. लेन्स कुठली, उंची किती, कॅमेरा किती खाली वाकवलेला, सगळं वहीत लिही. मी एकदा हे मोबाईलमध्ये लिहिलं होतं, मोबाईल गेला, चार महिन्यांनी त्याच अंगणात उभा राहून अंदाजपंचे फ्रेम लावली आणि एडिटमध्ये दोन्ही शॉट एकावर एक ठेवले तर घर उडी मारतंय.

आपल्या त्र्यंबकच्या फाळक्यांनी तरी काय केलं होतं? १९१२ मध्ये लंडनहून कॅमेरा आणला, सिनेमाला पैसे देणारं कोणी मिळेना, तर वाटाण्याचं दाणं कुंडीत पेरून त्याच्या वाढीचं एकेक फ्रेम शूटिंग केलं, दाण्यापासून वेलापर्यंत, आणि ती एवढीशी फिल्म दाखवून भांडवल उभं केलं. ती त्यांची शोरीलच की, म्हणजे काम मिळवायला दाखवायचा नमुना. आणि पुढे राजा हरिश्चंद्रचा कॅमेरा त्र्यंबक तेलंगांनी चालवला, हे नाव पांडवलेण्याजवळच्या स्मारकात प्री-वेडिंग करणाऱ्या किती जणांना माहीत असेल मला शंका आहे.

म्हणून काकांचा चातुर्मास मला अर्धाच पटतो. पावसाळा तुझा मोकळा आहे ही उत्तम गोष्ट आहे, पण उन्हाळ्याशिवाय पावसाळ्याच्या शॉटला किंमत नाही.

कॅमेऱ्याचं रात्री लिहितो, पोरगी शाळेतून यायची वेळ झाली.


बटाटा_चिवडा

दोन वर्षांत एआय सगळं बनवून देईल, विहीर पण आणि बाई पण. कशाला ईएमआय करतोस भाऊ.


खांद्यावरचा_कॅमेरा

बटाटा, तुझ्या लग्नाचा व्हिडिओ एआयकडून करून घे, मामा सहा बोटांचा येईल.


उन्हाची_तिरीप

मी स्वतः डॉक्युमेंटरी शूट करते, बारा वर्षं झाली, नाशिकचीच, म्हसरूळला. वर तिसरा_टेकच्या पोस्टमधलं विहिरीचं वाचलं आणि राहवलं नाही.

दर वर्षी एप्रिल लागला की आपल्या पश्चिम पट्ट्यात विहिरीत उतरणाऱ्या बायकांना शूट करायला गाड्या येतात. चॅनलवाले, संस्थावाले, फोटोग्राफर, विद्यार्थी. सगळ्यांना तोच शॉट हवा असतो, वरून खाली, खोल विहीर, तळाला हंडे, लाल-हिरव्या साड्या. मी पण तोच काढला होता पहिल्या वर्षी. दुसऱ्या वर्षी गेले तर एका मावशींनी विचारलं, मागच्या साली पण तूच आलतीस ना, मग त्या फोटोचं काय झालं? माझ्याकडे उत्तर नव्हतं. मग त्या म्हणाल्या बरं हा हंडा धर. कॅमेरा खाली ठेवून मी हंडा धरला तेव्हा मला पहिल्यांदा कळलं की तो भरलेला हंडा वर घेताना बाई आधी मान नाही, कंबर वळवते, आणि दोरीचा वळ तळव्याच्या मध्ये नाही, बोटांच्या पेराखाली उठतो. दुसऱ्या दिवशी मी कॅमेरा तिथे नेला, हातापाशी. वरून खाली काढलाच नाही.

खरं पाणी भरणं दिवसा होतंच नाही रे. दिवसभर उपसून विहीर तळाला जाते, मग रात्री झिरपतं, वाटी-वाटीने. बायका रात्री दोन-तीनला येऊन बसतात, नंबर लावून, हंड्यांची रांग असते, माणसं झोपलेली आणि हंडे जागे असं दृश्य असतं. तिथं तू एलईडी पॅनल लावलंस की संपलं, सगळ्या पदर सावरून तुझ्याकडे बघायला लागतात. त्यांच्या हातातली बॅटरी आणि मोबाईलचा टॉर्च एवढाच उजेड धरून शूट करायला शिक. काळं दिसू दे. काळ्याला घाबरून आयएसओ (कॅमेऱ्याची उजेड पकडायची ताकद) चढवत गेलं की रात्रीची दुपार होते आणि मग ती फुटेज खोटी वाटते, मी केलंय ते.

आणि पुरुष म्हणून तुला काही ठिकाणी प्रवेश नाही हे आत्ताच मान्य कर. रात्री तीनला बायकांच्या रांगेत तू एकटा कॅमेरा घेऊन गेलास तर उगाच गैरसमज होतील, डायरेक्टर ताई बरोबर हव्यात, आणि आधी चार वेळा बिनकॅमेऱ्याचं जाऊन आलेलं हवं. एका घरात मी तीन महिने जात होते, प्रत्येक वेळी मी आले की चहा, पाहुणी म्हणून खुर्ची. एक दिवस चहा विचारलाच नाही, सासू सुनेला माझ्यासमोर बोलायचं ते बोलली, त्या दिवसापासूनची फुटेज फिल्ममध्ये आहे. आधीच्या तीन महिन्यांतला एकच शॉट राहिला, तो पण शेळीचा.

परवानगीचा कागद मराठीत ठेव आणि वाचून दाखव. तिकडे घरात कोकणी बोलतात, डांगी बोलतात, त्यामुळे सही घेतली म्हणजे कळलं असं नाही. गावातल्या शिकलेल्या पोरापोरीकडून त्यांच्या भाषेत सांगून घे आणि ते सांगताना रेकॉर्ड कर. नंतर कोणी म्हणालं हे काढा तर काढायचं, यावर डायरेक्टरशी आत्ताच बोल, एडिटच्या वेळी नको.


तिसरा_टेक

हां, कॅमेरा. (तिरीप ताईंनी रात्रीचं सांगितल्यावर मला माझं उत्तर थोडं बदलावं लागतंय.)

मी लिहिणार होतो की एफएक्स थर्टी घे, बरीच स्वस्त पडते आणि दिवसा कोणाला फरक कळत नाही. पण रात्री तीनची विहीर असेल तर एफएक्स थ्रीचा १२८०० चा दुसरा बेस आयएसओ (कमी उजेडासाठीचा) खरंच उपयोगाचा आहे, तिथे ती पुढे जाते. तरी मी ईएमआयवर घेऊ नको म्हणेन. फिल्म बिनपैशाची आणि हप्ता महिन्याच्या महिन्याला, हे गणित बसत नाही. तुझ्याकडे आत्ता जो आहे त्यावर दिवसाचं शूट कर आणि रात्रीचे आठ-दहा दिवस भाड्याने आण, भाडं डायरेक्टरने द्यायचं. साठ दिवसांपैकी रात्री कॅमेरा किती वेळा निघणार आहे ते आधी दोघं बसून मोजा.

त्यापेक्षा पैसे या गोष्टींत घाल: बरा फ्लुइड हेडचा (कॅमेरा झटका न देता वळवणारा) ट्रायपॉड, दोन लेपल (कपड्याला लावायचे छोटे माईक), एक बूम माईक. लग्नात आपण आवाज फेकून देतो आणि वर गाणं चिकटवतो, इथं आवाज गेला की सीन गेला. दिसायला हललेला शॉट चालतो, न ऐकू येणारी बाई चालत नाही.

डेटाचं कोणी बोललं नाही अजून. फोरके १०० एमबीपीएसने तासाला ४५ जीबी होतात. साठ दिवस आणि रोजची दोन तास रेकॉर्डिंग धर, १२० तास, म्हणजे साडेपाच टीबीच्या आसपास. इंट्रा कोडेकमध्ये (प्रत्येक फ्रेम वेगळी साठवणारा, जड प्रकार) २५० एमबीपीएसने गेलास तर साडेतेरा टीबी. आणि हे एका कॉपीचं, दोन कॉप्या लागतातच, एक तुझ्या घरी एक ताईंकडे, एकाच कपाटात दोन्ही ठेवल्या तर ती एकच कॉपी. या हार्ड डिस्क कोण घेणार हे पहिल्या दिवशी विचार. लोक फीवर महिनाभर घासाघीस करतात आणि डिस्क स्वतःच्या खिशातून आणतात.

कार्डाबद्दल माझी लाज सांगतो. रामकुंडावर एका शूटला पहाटेपासून उभा, भरलेलं कार्ड काढलं, शर्टाच्या खिशात टाकलं, त्याच खिशात रिकामं होतं. दुपारी खिशातून निघालं ते घातलं, फॉरमॅट केलं. पहाटेचं सगळं गेलं, रिकव्हरीत निम्मं आलं. तेव्हापासून भरलेलं कार्ड डबीत उलटं आणि डबीला लाल टेप, टेप सुटल्याशिवाय कार्ड हातात येत नाही. लग्नात तुझी काही पद्धत असेलच, तीच इथं चालव.

अजून एक बारीक. त्या घरांमध्ये स्वस्तातले एलईडी बल्ब असतात, कॅमेऱ्यात पट्टे फिरतात. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झ, म्हणून शटर ५० किंवा १०० वर ठेव, ६० वर नको, तरी काही बल्ब ऐकत नाहीत. बॅगेत दोन चांगले बल्ब ठेवायचे, त्यांच्याच होल्डरला लावायचे, जाताना तिथेच सोडायचे. लाइट किट म्हणशील तर माझं डॉक्युमेंटरीचं लाइट किट एवढंच, ते दोन बल्ब आणि अर्धी थर्माकोलची शीट.

ड्रोन विचारशील म्हणून आधीच सांगतो, पावशेर वजनाच्या आतला नॅनो असला तरी सरकारच्या डिजिटल स्काय साइटवरचा नकाशा बघितल्याशिवाय उडवू नको आणि देवळाली कॅम्प, नाशिकरोडची नोटांची प्रेस, ओझर, इकडे तर पेटीतून बाहेर पण काढू नको.


हिशेबनीस

कॅमेऱ्यातलं मला कळत नाही, बायको शॉर्ट फिल्मचं प्रॉडक्शन करते आणि मी तिचे कागद बघतो, म्हणून कागदाचं लिहितो.

ग्रँट मिळाली की फी, हे तोंडी आहे का लेखी? तोंडी असेल तर ते वाक्य नाही, सदिच्छा आहे. ताई चांगल्याच असतील, मी संशय घेत नाहीये, पण ग्रँट आली की आधी एडिटर, मग साऊंड, मग कलर, मग महोत्सवाच्या फिया, आणि कॅमेरामनचं काम तर वर्षभरापूर्वीच झालेलं असतं, तो शेवटी. एका पानाचा मराठीतला करार करा. त्यात हे हवं: दिवसाची फी किती आणि ती आत्ता थकीत धरली आहे, ग्रँटचा पहिला हप्ता आला की त्यातून इतके टक्के तुला, छायाचित्रण म्हणून नाव कुठे आणि कसं येणार, मध्ये दुसरा कॅमेरामन आणला तर तुझ्या नावाचं काय, आणि शोरीलसाठी किती मिनिटं वापरायची मुभा. कारण कायद्याने फिल्मचा लेखक म्हणजे मालक निर्माता असतो, कॅमेरामन नाही. फोटो काढलास तर काढणारा तू, फिल्म शूट केलीस तर तसं नाही.

बिल करताना फी आणि तुझ्या कॅमेऱ्याचं भाडं वेगळं दाखव. फीवर टीडीएस १० टक्के कापतात, यंत्राच्या भाड्यावर २ टक्के. रिटर्न भरलं की हिशेबात येतं सगळं पण मधले महिने तुझा पैसा तिकडे अडकतो. जीएसटी वर्षाला २० लाखांच्या पुढे गेलास तर, ते तुझ्या सीएला विचार.

उद्यम नोंदणी (छोट्या धंद्यांची सरकारी नोंदणी) करून ठेव, फुकट आहे, घरबसल्या होते. मग पैसे थकवणारी कंपनी असली तर ४५ दिवसांची मर्यादा तुझ्या बाजूने लागते आणि सरकारी पोर्टलवर तक्रार टाकता येते. आमच्याकडे मुंबईच्या एका प्रॉडक्शनवाल्याने नऊ महिने अकाउंट्सवाले रजेवर आहेत सांगितलं. तक्रार टाकायची वेळच आली नाही, नोंदणी क्रमांक घालून नुसतं पत्र पाठवलं तर अकाउंट्सवाले रजेवरून आले.


पंचवटीकर_२७

एवढं सगळं लिहिलंत, काय बोलू, पप्पांना मोठ्याने वाचून दाखवलं. सहा बोटांच्या मामावर ते हसले, हंड्याचं ऐकून गप्प बसले, आणि शेवटी म्हणाले हिशेबनीस शहाणा माणूस आहे.

काय काय झालं ते सांगतो. ताईंशी फोनवर बोललो, कराराचं काढल्यावर मला वाटलं त्यांना राग येईल, तर त्याच म्हणाल्या मीच पाठवणार होते, आणि डिस्क त्या घेणार. जुलैचं सांगितलं तर म्हणाल्या पावसाळा माझ्या कागदावर आहेच पण तू अजून हो म्हटलेलं नव्हतंस. एफएक्स थ्री कॅन्सल, शोरूमवाला रोज फोन करतोय.

आणि रविवारी मी आणि डायरेक्टर ताई गावात जाऊन आलो, तिरीप ताई, तुम्ही सांगितलं तसं बिनकॅमेऱ्याचं. खरं सांगू, हात शिवशिवत होते. पेठच्या पुढे रस्ता सोडून आत तासभर. ज्या घरी गेलो तिथे कोरा चहा, मग नागलीची भाकरी आणि उडदाचं पिठलं, खुर्ची होतीच, एकच होती, ती मला दिली आणि ताई खाली. मला फार अवघडल्यासारखं झालं, मी पण खाली बसलो. घरातल्या मावशींनी विचारलं तू काय करतोस, मी म्हटलं लग्नाचं शूटिंग. तिथं एकदम वातावरणच बदललं. डॉक्युमेंटरी म्हटल्यावर मान हलवत होत्या नुसत्या, लग्न म्हटल्यावर घरातल्या सगळ्या पोरी दारात आल्या. मोबाईलमध्ये दोन व्हिडिओ दाखवले. मावशी म्हणाल्या आमच्या पुतणीचं आहे मे महिन्यात, येशील का? पैसं नाही देता यायचं तेवढं. मग त्यांचंच घरात बोलणं सुरू झालं की मांडवाला पाणी कुठून आणायचं, चारशे माणूस जेवणार, गावात टँकर येतो तो प्यायला पुरत नाही, लग्नासाठी वेगळा विकतचा टँकर सांगायचा तर तो घाटातून वर यायचे किती घेतो, आणि वरमाय म्हणते हळद लावल्यावर नवरीला न्हाऊ घालायला तरी विहिरीचंच पाणी पाहिजे, टँकरचं चालत नाही.

मी ताईंकडे बघितलं, त्या माझ्याकडे बघत होत्या.

आता अडचण एकच. लग्न १० मे ला आहे आणि त्याच दिवशी माझं गंगापूर रोडला लॉनवर बुकिंग आहे, अ‍ॅडव्हान्सवालं.


खांद्यावरचा_कॅमेरा

पार्टीचं नाव-नंबर पाठव. भाच्याला पाठवतो, तुझ्याच नावाने करेल, तुझ्याच पद्धतीने रंग लावेल. आधी पार्टीला फोन करून तू स्वतः सांग, मी सांगणार नाही. अ‍ॅडव्हान्स तुझा तुझ्याकडे राहू दे, उरलेले त्याला दे.

आणि मला सांग, त्या गावात मंगलाष्टकं कोण म्हणतं? भटजी असतो का त्यांच्यातलं कोणी वयस्कर बाई लग्न लावते? अंतरपाट कधी खाली येणार ते आधी जाऊन विचारून घे. तिथं तुला आवाजावरून कळणार नाही.


उन्हाची_तिरीप

बाईच असेल बहुतेक, धवलेरी म्हणतात तिला, गाऊन लावते लग्न. तिच्याकडे एक दिवस जाऊन बस. लेपल तिला लाव, नवरीला नको.